वाटाणे पेरल्याची तारीख

मांडवावरची वेल मी लांबूनच ओळखली. वांग्याच्या सालीसारख्या गर्द, तकतकीत जांभळ्या चपट्या शेंगा, त्यांच्या वर फिकट फुलांचे तुरे, पानं तीन-तीनच्या जुडीने. मी लेकीला म्हटलं, "अगं, हा तर वाल!" ती म्हणाली, "आई, इथे याला हायसिंथ बीन म्हणतात, शोभेसाठी लावतात." मी एक शेंग हातात धरून पाहिली. अगदी तीच. कडेची ती खरबरीत शीर, जिच्यावर नख ओढलं की दोर निघून येतो. शास्त्रीय नावानेही तो आपला वालच आहे. आमच्या कोकणातल्या परसात पाऊस स्थिरावला की अण्णा मांडवाखाली याचं बी टोचायचे आणि दसऱ्याच्या सुमाराला मांडव शेंगांनी वाकायचा.

सप्टेंबर होता. आम्ही व्हर्जिनियात, शार्लट्सव्हिल गावाबाहेरच्या टेकडीवर उभ्या होतो. मॉन्टिसेलो, म्हणजे इटालियन भाषेत लहानसा डोंगर. अमेरिकेचे तिसरे अध्यक्ष थॉमस जेफरसन यांचं हे घर. १८०९ च्या मार्चमध्ये त्यांची अध्यक्षपदाची दुसरी मुदत संपली, तेव्हा त्यांची सहासष्टी जवळ आली होती. ते इथे परतले आणि पुढची १७ वर्षं, ४ जुलै १८२६ ला डोळे मिटेपर्यंत, हेच त्यांचं घर होतं.

मला इथे यायचं होतं ते अण्णांमुळे. अण्णा म्हणजे माझे वडील. महसूल खात्यातून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झाले आणि दुसऱ्याच आठवड्यात चिपळूणजवळच्या आमच्या गावी कायमचे राहायला गेले. नोकरीभर दुसऱ्यांच्या जमिनींचे कागद तपासले, आता आपल्या जमिनीचं लिहायचं, असं म्हणून त्यांनी लाल कापडी बांधणीची एक लांब वही घेतली. काय पेरलं, कधी पेरलं, किती दिवसांनी उगवलं, पहिली भाजी कधी निघाली. "पडवळ. ६ दिवसांनी उगवले." "दुधी. किडीने गेला." "माठ, पहिला खुडा." एवढ्याच नोंदी, अक्षर मोत्यासारखं. ती वही आता ठाण्याला माझ्या कपाटात आहे. जेफरसन यांनीही अशीच वही ठेवली होती, हे मला कळलं तेव्हाच ठरवलं की लेकीकडे गेले की ही बाग पाहायचीच.

त्यांची वही सुरू होते ३० मार्च १७६६ ला. तेव्हा ते अवघे बावीस वर्षांचे. पहिली नोंद आहे, जांभळा हायसिंथ (हे कंदाचं फूलझाड, वाल नव्हे) फुलायला लागला. इथून १८२४ पर्यंत ती चालली. मध्ये स्वातंत्र्याचा जाहीरनामा, फ्रान्समधली वकिलात, परराष्ट्रमंत्रिपद, उपाध्यक्षपद, अध्यक्षपद, सगळं होऊन गेलं. निवृत्तीनंतरच्या पानांवर तर रीतसर रकाने आहेत: कुठला वाफा, कधी पेरलं, कधी ताटात आलं, कधी संपलं. आणि शेऱ्यांमध्ये एक शब्द पुन्हा पुन्हा येतो: फसलं. वाटाणे, काकड्या, कोबी, काहीही फसलं की तेवढाच शब्द, त्यापुढे स्पष्टीकरण नाही. राज्यकारभार केलेला माणूस आपलं अपयश असं एका शब्दात लिहून ठेवतो, हे मला फार आवडलं. अण्णांचं "किडीने गेला" मला लगेच आठवलं.

भाजीची बाग घराच्या खाली, डोंगराच्या आग्नेय उतारावर आहे. उतार कापून, दगडी बांध घालून केलेली सपाट पट्टी, १००० फूट लांब आणि ८० फूट रुंद. मध्यावर बांधाच्या कडेला एक छोटी चौकोनी खोली, चारी बाजूंना खिडक्या. संध्याकाळी ते तिथे वाचत बसत. तिथून खाली नजर टाकली की फळबाग, मग दऱ्या, मग निळसर डोंगरांच्या ओळी. या बागेत त्यांनी ३३० च्या आसपास वाण लावून पाहिले. भेंडी, वांगी, टोमॅटो, तऱ्हेतऱ्हेच्या घेवड्या. पश्चिमेकडे धाडलेल्या लुइस आणि क्लार्क यांच्या मोहिमेतून आलेलं बियाणं. तिळाचं तेल एकदा चाखलं आणि इतकं आवडलं की तीळ पेरले, तेल गाळायची खटपट केली. जीव मात्र वाटाण्यावर. शेजारच्या जॉर्ज डायव्हर्स नावाच्या मित्राशी त्यांची दरसाल पैज असे: ज्याच्या बागेतला वाटाणा आधी ताटात येईल त्याने इतरांना जेवायला बोलवायचं. बहुतेक वेळा डायव्हर्सच जिंकत. घरच्यांनी सांगितलेली आठवण अशी की एका वर्षी जेफरसन यांचे वाटाणे आधी तयार झाले, पण त्यांनी कुणाला सांगू दिलं नाही; मित्राचा मान मित्राकडे राहू दिला.

चार्ल्स विल्सन पील या चित्रकार मित्राला २० ऑगस्ट १८११ ला त्यांनी लिहिलं, मी म्हातारा माणूस आहे, पण माळी अजून तरुण आहे. हे वाक्य मी अण्णांच्या वहीच्या पहिल्या पानावर लिहावं असं कितीदा मनात आलं.

त्यांचा दिवस उजाडायच्या आधी सुरू होई. उठल्या उठल्या पाय गार पाण्यात बुडवायचे, ही सवय आयुष्यभराची. मग न्याहारीपर्यंत पत्रं. दोन लेखण्या एकमेकींना जोडलेलं एक यंत्र त्यांच्या मेजावर होतं. एकीने लिहिलं की दुसरी शेजारच्या कागदावर तेच उमटवी, म्हणजे नक्कल आपोआप राहते. पॅरिसला असताना १७८६ मध्ये मोडलेलं मनगट म्हातारपणी फार दुखे, तरी पत्रं थांबली नाहीत. एकदा त्यांनी सहज मोजलं, तर १८२० या एका वर्षात १२६७ पत्रं आली होती, आणि कितीतरी अशी की उत्तरासाठी आधी अभ्यास करावा लागे. दुपारी घोड्यावरून शेतावर फेरी. संध्याकाळी नातवंडं. मुलगी मार्था आपल्या मोठ्या लेकुरवाळ्या संसारासह याच घरात राहत होती. आणि पाहुणे! नातेवाईक, मित्र, मित्रांची ओळखपत्रं घेऊन आलेले अनोळखी, नुसतंच दर्शनाला आलेले. एका बाईने नीट दिसावेत म्हणून छत्रीच्या टोकाने खिडकीची काच फोडली, अशीही आठवण घरात सांगत. गर्दीतून सुटका हवी म्हणून त्यांनी सुमारे ९० मैलांवर पॉप्लर फॉरेस्ट या आपल्या दुसऱ्या मळ्यावर एक अष्टकोनी घर बांधलं. तिथे जायला तीन दिवस लागत; नातींना घेऊन ते तिथे जात आणि पुस्तकं वाचत.

पुस्तकांचं मात्र सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. १८१४ च्या ऑगस्टमध्ये इंग्रज सैन्याने वॉशिंग्टन जाळलं, त्यात काँग्रेसचं, म्हणजे अमेरिकेच्या संसदेचं, ग्रंथालय गेलं. जेफरसन यांनी आपला आयुष्यभराचा संग्रह देऊ केला. ६४८७ ग्रंथ, २३,९५० डॉलर. १८१५ मध्ये दहा गाड्या भरून पुस्तकं टेकडी उतरली. पैसे बरेचसे सावकारांकडे गेले. आणि त्याच वर्षी जूनमध्ये जॉन अ‍ॅडम्स यांना पत्र: पुस्तकांशिवाय मला जगता येत नाही. लगेच नव्याने खरेदी सुरू. हे अ‍ॅडम्स म्हणजे त्यांच्या आधीचे अध्यक्ष, आधी सोबती, मग कट्टर विरोधक. बेंजामिन रश या दोघांच्याही मित्राने खटपट केली, १८१२ च्या पहिल्या दिवशी अ‍ॅडम्स यांनी पहिलं पत्र टाकलं, आणि अबोला संपून दोन म्हातारे १४ वर्षं एकमेकांना लिहीत राहिले. धर्म, ग्रीक भाषा, म्हातारपण, पुन्हा जगायला मिळालं तर जगाल का, असं सगळं. निवृत्तीचं सुख म्हणतात ते याहून वेगळं काय असतं?

इथपर्यंत मी त्यांच्या प्रेमातच होते. अजूनही काही अंशी आहे. पण घर आतून पाहिलं.

दिवाणखान्यात शिरताच दारावर एक मोठं घड्याळ आहे. त्याची वजनं म्हणजे तोफगोळ्यांसारखे लोखंडी गोळे, भिंतीवरून आठवडाभर हळूहळू खाली उतरतात आणि भिंतीवर लिहिलेल्या वारांपाशी येतात. रविवार सर्वांत वर. पण भिंत पुरली नाही, म्हणून जमिनीला भोक पाडलं आणि शनिवार तळघरात गेला. हौस पाहून मन प्रसन्न होतं. मग जेवणघर. तिथे चुलाण्याच्या बाजूला तळघरातून वाइनच्या बाटल्या वर चढवायचा झरोका आहे. आणि एक दार आहे, मधल्या कण्यावर फिरणारं, मागच्या अंगाला फळ्या. स्वयंपाकघरातून आलेली ताटं बाहेरच्या बाजूने फळ्यांवर ठेवायची, दार फिरवायचं, अन्न आत. आणणारा हात आत येत नाही. मी त्या दारासमोर बराच वेळ उभी राहिले. माणूस दिसू नये म्हणून इतकी अक्कल लढवलेली मी आधी पाहिली नव्हती, असं मनात आलं आणि लगेच वाटलं की खोटं आहे हे. पाहिलं आहे. आपल्याकडे त्यासाठी फिरतं दार लागत नाही, मागचं दार असतं, वेगळी कपबशी असते.

बाग आणि घर यांच्या मध्ये तुतीच्या झाडांचा एक रस्ता आहे. त्याच्या कडेने लोहारसाळ, सुतारसाळ, खिळ्यांचा कारखाना आणि राहायची खोपटी होती. जेफरसन यांनी आयुष्यभरात ६०० हून अधिक माणसं गुलाम म्हणून बाळगली. ती १००० फुटांची पट्टीही भाड्याने आणलेल्या गुलाम मजुरांनी कापली होती. बागेतले वाफे दोरी लावून आखणारे, ट्यूलिपचे कंद पुरणारे, फळझाडं लावणारे होते वॉर्मली ह्यूज. मी त्यांनाही अहो-जाहो करते आहे. इंग्रजीत हा प्रश्नच येत नाही, मराठीत प्रत्येक वाक्यात ठरवावं लागतं. जेफरसन यांच्या घरचे पदार्थ वाखाणले जात, ते करणाऱ्या ईडिथ फॉसेट अध्यक्षांच्या वाड्यात फ्रेंच आचाऱ्याच्या हाताखाली शिकलेल्या होत्या. त्यांचे पती जोसेफ लोहारसाळेचे प्रमुख. आणि सॅली हेमिंग्ज, जेफरसन यांच्या दिवंगत पत्नीची सावत्र बहीण आणि गुलाम, ज्यांच्या मुलांचे वडील जेफरसनच होते हे १९९८ च्या डीएनए चाचणीनंतर मॉन्टिसेलो सांभाळणाऱ्या संस्थेनेही मान्य केलं. सॅली यांची हयात असलेली चारही मुलं पुढे सुटली. थोरली दोन १८२२ च्या सुमाराला घर सोडून गेली, त्यांना कुणी अडवलं नाही. धाकटी दोन मृत्युपत्राने.

निवृत्त हा शब्द मला त्या दिवसापासून छळतो. परत फिरलेला, असा त्याचा अर्थ. कशापासून? पद सुटलं, दौलत सुटली नाही. अध्यक्षपदाची मुदत चार-चार वर्षांची असते, मालकपदाला मुदत नव्हती. आपल्या वानप्रस्थात घर मुलाच्या हाती द्यायचं असतं. इथे सत्तरीतला माणूस शेकडो माणसांच्या जन्ममरणाचा धनी होता, आणि स्वतःला निवृत्त म्हणवत होता.

हे त्यांना कुणी सांगितलं नाही असंही नाही. एडवर्ड कोल्स नावाचा त्यांच्याच परगण्यातला तरुण, तेव्हाचे अध्यक्ष मॅडिसन यांचा खासगी सचिव. त्याने ३१ जुलै १८१४ ला पत्र लिहिलं: गुलामगिरी हळूहळू मोडण्याची योजना तुम्ही मांडा, तुमच्या शब्दाला वजन आहे. २५ ऑगस्टला उत्तर गेलं. विचार योग्य आहे, पण हे काम तरुणांचं; माझ्या प्रार्थना तुमच्या पाठीशी, म्हाताऱ्याकडे तेवढंच शस्त्र असतं. कोल्सने सप्टेंबरमध्ये पुन्हा लिहिलं आणि अगदी नम्रपणे आठवण करून दिली की फ्रँकलिन तुमच्या आजच्या वयाहून मोठे असतानाही अशी कामं करत होते. तेव्हा जेफरसन ७१ वर्षांचे होते. कोल्स पुढे आपल्या ताब्यातल्या गुलामांना घेऊन इलिनॉयकडे निघाला, १८१९ मध्ये त्यांना मुक्त केलं, आणि नंतर त्या राज्याचा गव्हर्नर झाला.

म्हातारपणाचं कारण मला पटलं असतं. माझेही गुडघे आता जिना चढू देत नाहीत. कुठलं काम झेपेल, कुठलं नाही, हे वय ठरवतं, मान्य. पण ७१ व्या वर्षी थकलेल्या याच माणसाने ७५ व्या वर्षी व्हर्जिनिया विद्यापीठ उभारायला घेतलं! जानेवारी १८१९ मध्ये त्याला सनद मिळाली. जागा त्यांनी निवडली, इमारतींचे नकाशे त्यांनी काढले, रोमच्या पँथियनवरून घुमटाची इमारत बेतली, अभ्यासक्रम ठरवला, प्राध्यापक युरोपातून आणवले, ग्रंथालयासाठी पुस्तकांच्या याद्या केल्या. टेकडीवरून दुर्बीण लावून बांधकाम न्याहाळत बसत. मार्च १८२५ मध्ये वर्ग भरले तेव्हा ते ८१ वर्षांचे होते. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये विद्यार्थ्यांनी दंगा केला, प्राध्यापकांवर विटा फेकल्या. जेफरसन खाली गेले, सगळ्यांसमोर बोलायला उभे राहिले, आणि त्यांना बोलताच आलं नाही. रडू कोसळलं. ते पाहून दोषी मुलं आपणहून पुढे आली. त्या रडण्यात खोटं काही नव्हतं. म्हणूनच अधिक त्रास होतो. एवढी माया, एवढी धमक त्यांच्यात होती, पण एकाच दिशेला.

पोलंडचे थॅडियस कोशिउश्को अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात लढले होते. १८१७ मध्ये ते वारले. त्यांनी आपला अमेरिकेतला पैसा जेफरसन यांच्या हवाली करून मृत्युपत्रात लिहिलं होतं की यातून गुलाम विकत घ्या, हवं तर तुमचेच घ्या, त्यांना मुक्त करा, शिकवा, धंदा शिकवा. जेफरसन यांनी ती जबाबदारी नाकारली. कारण वयाचंच. पुढे खटले चालले, १८५२ पर्यंत. मित्राच्या पैशातून एकही गुलाम सुटला नाही.

आणि फ्रान्सचे सेनानी लाफायेत. १८२४ च्या नोव्हेंबरमध्ये ते मॉन्टिसेलोला आले. स्वातंत्र्ययुद्धातले दोन वृद्ध मित्र एवढ्या वर्षांनी भेटले, अंगणात एकमेकांकडे लटपटत धावले, गळ्यात पडून रडले. बघणारेही रडले. त्या दिवसांत दोघे घोडागाडीतून फेरीला निघाले असताना घोडे हाकत होता इस्रायल नावाचा चोवीस वर्षांचा गुलाम. मागे चाललेलं बोलणं त्याने ऐकलं. लाफायेत म्हणाले, गुलाम मुक्त व्हायलाच हवेत, माणूस माणसाचा मालक कसा होऊ शकतो. जेफरसन म्हणाले, तो दिवस येईल. पण कधी, कसा, ते सांगितलं नाही. मग लाफायेत यांनी विचारलं, त्यांना शिकवावं की नाही. जेफरसन म्हणाले, छापलेलं वाचायला शिकवावं, लिहायला नको, नाहीतर खोटे परवाने लिहून पळतील. गाडी हाकणाऱ्या मुलाने हे बोलणं मनात जपून ठेवलं. जपून ठेवलं, हे शब्द त्यांचेच. पुढे ते स्वतःचं मोल चुकवून सुटले, ओहायोत गेले, तिथे लिहायला-वाचायला शिकले, आणि १८७३ च्या डिसेंबरमध्ये तिथल्या एका वर्तमानपत्रात ही आठवण छापून आली.

१८७३. मी ती तारीख वाचून थबकले. त्याच वर्षी पुण्यात जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' प्रसिद्ध केली आणि ती अर्पण केली अमेरिकेतल्या त्या भल्या लोकांना, ज्यांनी गुलामांना दास्यातून सोडवण्यासाठी झीज सोसली. जोतीरावांना ओहायोतले इस्रायल जेफरसन ठाऊक असण्याचं कारण नाही. पण त्या अर्पणपत्रिकेमागे अशा माणसांची रांग उभी आहे, हे मला शाळेत कुणी दाखवलं नव्हतं.

कर्जाचं थोडक्यात सांगते. सासऱ्यांच्या वारशाबरोबर आलेलं जुनं कर्ज, पडलेले शेतमालाचे भाव, हात आखडता न घेण्याची सवय, पाहुणे. त्यात १८१८ मध्ये नातवाच्या सासऱ्यांना, विल्सन कॅरी निकोलस यांना, ते २०,००० डॉलरसाठी जामीन राहिले. पुढच्याच वर्षी मंदी आली, निकोलस बुडाले, जामीनकीचं व्याज वर्षाला १२०० डॉलर यांच्या डोक्यावर. निकोलस १८२० मध्ये वारले, आणि मॉन्टिसेलोच्याच स्मशानात त्यांना जागा मिळाली. जेफरसन त्यांना शेवटपर्यंत वाकडा शब्द बोलले नाहीत. १८२६ च्या सुरुवातीला मळा वाचवायला सोडत काढण्याची परवानगी विधिमंडळाकडे मागायची वेळ आली. परवानगी मिळाली, पैसा उभा राहिला नाही. गेले तेव्हा देणं १,०७,००० डॉलरच्या वर होतं.

२४ जून १८२६ चं शेवटच्या दिवसांतलं एक पत्र आहे. जाहीरनाम्याच्या पन्नासाव्या वर्धापनदिनाला येता येणार नाही म्हणून लिहिलेलं. त्यात ते म्हणतात, बहुसंख्य माणसं पाठीवर खोगीर घेऊन जन्माला आलेली नाहीत, की मूठभरांनी बूट चढवून, टाचेला काटे लावून त्यांच्यावर स्वार व्हावं. किती सुंदर वाक्य! आणि ते लिहिलं गेलं त्या घरात. ३ जुलैच्या रात्री विचारत होते, चार तारीख लागली का? दुसऱ्या दिवशी दुपारी एकच्या आत गेले. काही तासांनी, त्याच दिवशी, मॅसॅच्युसेट्समध्ये अ‍ॅडम्सही. शवपेटी केली जॉन हेमिंग्ज यांनी, त्यांच्याच सुतारसाळेतले गुलाम कारागीर. कबर खणली वॉर्मली ह्यूज यांनी. ज्या हातांनी वाफे केले त्यांनीच. कबरीवर काय लिहायचं ते जेफरसन यांनी आधीच ठरवलं होतं: जाहीरनाम्याचे लेखक, व्हर्जिनियाच्या धर्मस्वातंत्र्याच्या कायद्याचे कर्ते, विद्यापीठाचे जनक. अध्यक्षपद गाळलेलं. लोक याचं कौतुक करतात, मीही केलं.

मृत्युपत्राने पाच जण मुक्त झाले. बाकीच्यांसाठी जाहिरात निघाली, १३० गुलाम विकणे आहेत. १५ जानेवारी १८२७ ला, कडाक्याच्या थंडीत, घराच्या अंगणात लिलाव सुरू झाला. नातू जेफ याने पुढे लिहिलं की जुन्या काळी जिंकलेल्या गावातली सगळी माणसं विकायला काढत, तसं ते दृश्य होतं. जोसेफ फॉसेट यांचं नाव मुक्त होणाऱ्यांत होतं, पण वर्षभरानंतर. त्याआधी ईडिथ आणि मुलं विकली गेली. वॉर्मली ह्यूज यांना मार्थाने सोडलं. त्यांच्या पत्नी अर्सुला आणि मुलं लिलावात उभी राहिली. फॉसेट यांचा मुलगा पीटर अकरा वर्षांचा होता. आपण गुलाम आहोत हे तोपर्यंत कळलंच नव्हतं, असं त्यांनी म्हातारपणी सांगितलं. अचानक चौथऱ्यावर उभं केलं आणि परक्यांना विकलं. ते पुढे सुटले, सिनसिनाटीत पाद्री झाले, आणि १९०० मध्ये पंच्याऐंशी वर्षांचे असताना मॉन्टिसेलो पाहायला परत आले. या वेळी पुढच्या दाराने, पाहुणे म्हणून.

गाडी लावतात त्या जागेजवळच झाडांत एक दफनभूमी आहे, गुलामांची. काही साधे दगड, बिनअक्षरांचे. लेक आणि मी तिथे थोडा वेळ थांबलो. पानं पडायला लागली नव्हती अजून.

ठाण्याला आल्यावर मी अण्णांची वही काढली. परसातलं सगळं काम एकच माणूस करायचा, अण्णांहून पाच-सहा वर्षांनी लहान. आळी तो करायचा, शेणखत तो वाहायचा, मांडव तो बांधायचा. आम्ही पोरंसुद्धा त्याला अरे-तुरे करायचो, आणि बघा, आताही माझ्या हातून तसंच लिहिलं गेलं. ते आळी करायचे. ते मांडव बांधायचे. त्यांचं नाव मला पाठ आहे. त्यांच्या मुलाला विचारल्याशिवाय इथे लिहीत नाही. अकरा वर्षांच्या नोंदी मी पहिल्यापासून वाचल्या. नाव कुठेच नाही. "गड्याकडून आळी करून घेतली." "गड्याला मजुरी दिली." मजुरी वेळेवर आहे, पै न पै.

एका वर्षीच्या मार्गशीर्षात सलग चार दिवस एकच नोंद आहे. "गडी आला नाही." "गडी आला नाही." तिसऱ्या दिवशी, "गडी आला नाही. दुधी सुकला." त्या चार दिवसांत त्यांची धाकटी मुलगी तापाने गेली होती. हे मला आईने सांगितलं होतं, फार पूर्वी, वालाच्या शेंगा मोडता मोडता. पाचव्या दिवशी अण्णांचं तेच मोत्यासारखं अक्षर: "गडी आला. वाफे शिंपले."